चार नंबरची जागा

हार्डवेअरच्या दुकानावरचा तो गेमिंगचा हॉल ताईंच्या धाकट्या भावाने हौसेने थाटला आणि सहा महिन्यांत त्याला लांबच्या शहरात नोकरी लागली. "थोडे दिवस तू बघ, मी येतोच आहे," असं सांगून गेला तो गेलाच. ताई तेव्हा शाळेच्या प्रयोगशाळेतून नुकत्याच निवृत्त झाल्या होत्या. बावीस वर्षं त्यांनी मुलांना परीक्षानळ्या मोजून दिल्या आणि मोजून परत घेतल्या. आता बारा कॉम्प्युटर, बारा खुर्च्या आणि बारा हेडफोन मोजायचे, एवढाच काय तो फरक, असं म्हणून त्यांनी हॉलची किल्ली कनवटीला लावली. खेळातलं त्यांना ओ की ठो कळत नव्हतं. कळून घ्यायची गरजही नव्हती. खुर्ची मागे सरकल्याच्या आवाजावरून कोण हरलं ते त्या पाठमोऱ्या सांगत.

येणारी मंडळी बहुतेक कामधंद्याची. रविवारी दुपारी तीनला स्पर्धा असे. चिठ्ठ्या टाकून जोड्या लावायच्या, दोघांनी समोरासमोर खेळायचं आणि जो आधी दहा वेळा खेळातल्या बंदुकीने दुसऱ्याला टिपेल तो पुढच्या फेरीत. जो जिंकेल त्याचं नाव ताई दाराशेजारच्या फळ्यावर खडूने लिहीत. जागेचा नियम सोपा होता: आधी येईल त्याने हवी ती जागा घ्यावी.

हा नियम सर्वांत जास्त पाळला लिफ्टवाल्याने. इमारतींच्या लिफ्ट दुरुस्त करणारा पस्तिशीचा माणूस, बोलायला अगदी मोजका. रविवारी अडीचलाच येऊन जिन्यावर बसायचा आणि दार उघडलं की सरळ चार नंबरवर. फळ्यावरच्या शेवटच्या तीस नावांपैकी तेवीस त्याची होती. चार नंबरची जागा नशीबवान आहे असं सगळेच म्हणत, आणि त्याला पुरावाही होता. एकदा लिफ्टवाला तापाने पडला, त्या रविवारी चारवर बेकरीवाला बसला. आजवर एकदाही न जिंकलेला हा गडी त्या दिवशी चक्क जिंकला. पुढचा आठवडाभर त्याने गिऱ्हाइकांना पाव कमी आणि ही कथाच जास्त दिली.

या सगळ्यात मार खाल्ला मास्तरांनी. ते शाळेत भूगोल शिकवत, खेळत चांगलं, पण अंतिम फेरीत लिफ्टवाल्याकडून अकरा वेळा हरले होते. दर वेळी काहीतरी कारण असायचं. माउस चिकटतोय, खिडकीतला उजेड डोळ्यांवर येतोय, समोरचा कोपऱ्यातून कधी बाहेर आला ते दिसलंच नाही. ताई खडू उचलता उचलता म्हणायच्या, "मास्तर, नाचता येईना अंगण वाकडं." सगळे हसत. मास्तरही हसत, पण जरा उशिरा.

मग हॉलच्या भिंतींना ओल आली. रंगारी बोलवावे लागले. कॉम्प्युटर, मॉनिटर, वायरी सगळं जसंच्या तसं टेबलांसकट मधोमध ओढून वर चादरी टाकल्या. पाच दिवसांनी रंग वाळला, टेबलं परत भिंतीला लागली आणि रंगाऱ्याने प्रत्येक जागेवर नवा आकडा काढून दिला. कुठलं टेबल पूर्वी कुठे होतं हे कुणी पाहिलं नाही. सगळी एकसारखीच तर होती.

त्या रविवारी लिफ्टवाला नेहमीप्रमाणे चारवर बसला आणि दुसऱ्या फेरीत हरला. हरवलं कुणी, तर नर्सने. ती जवळच्या दवाखान्यात कामाला होती, संध्याकाळच्या ड्यूटीआधी दोन तास यायची, हरायची आणि हसत जायची. आज ती नऊ नंबरवर बसली होती आणि तिने एकामागून एक सगळे झोपवले. अंतिम सामन्यात समोर बेकरीवाला होता. सामना चालू असताना लिफ्टवाला उठून तिच्या खुर्चीमागे जाऊन उभा राहिला. दोन मिनिटं तिच्या स्क्रीनकडे पाहिलं आणि चहाला न थांबता निघून गेला.

पुढच्या रविवारी तो अडीचला आला, दार उघडलं आणि नऊवर जाऊन बसला. आणि जिंकला.

ताईंनी नाव लिहिलं खरं, पण खडू ठेवताना त्यांच्या मनात पाल चुकचुकली. जागा नशीबवान असेल तर चारच असायला हवी. नशीब काही रंगाऱ्यांबरोबर सरकत नाही. टेबलावरची वस्तू सरकते.

सोमवारी सकाळी हॉल बंद असताना त्यांनी प्रयोगशाळेत करायच्या तेच केलं: दोन गोष्टी शेजारी ठेवून पाहिल्या. आठ आणि नऊ नंबर सुरू केले, दोन्हींवर तीच मजकुराची खिडकी उघडली आणि माउसने धरून ती डावीउजवीकडे हलवली. आठवर अक्षरं ओल्या शाईवर बोट फिरवल्यासारखी फिसकटत होती. नऊवर खिडकी तेवढ्याच वेगाने हलत होती, पण अक्षरं चक्क वाचता येत होती. त्यांनी चष्मा पुसून पुन्हा पाहिलं. मग भावाला फोन लावला.

"स्क्रीनच्या सेटिंगमध्ये जा," भाऊ म्हणाला. "आणखी आत एक पान आहे. तिथे हर्ट्झ लिहिलेला आकडा दिसेल. किती आहे?"

"नऊवर एकशे चव्वेचाळीस."

"आणि आठवर?"

"साठ."

"ताई, मी तेव्हा फक्त माझ्या मशीनचंच केलं होतं गं. बाकीचे त्या वायरमनने जोडले."

"म्हणजे काय ते नीट सांग."

"सेकंदाला किती वेळा स्क्रीनवरचं चित्र बदलतं तो आकडा. साठ म्हणजे साठ वेळा. समोरचा माणूस कोपऱ्यातून बाहेर पडतो ना, तो एकशे चव्वेचाळीसवाल्याला जरासा आधी दिसतो. पापणी लवायच्याही आत, पण आधी. शिवाय मी माझ्या मॉनिटरवर अंधारातले भाग थोडे उजळ करून ठेवले होते."

"बाकीचे मॉनिटर हलके आहेत?"

"छे. सगळे एकाच दिवशी, एकाच दुकानातून आणलेत."

"मग साठ का?"

"कुणी बदललाच नाही म्हणून. आणि जुनी केबल लावली असेल तर बदलूनही वर जाणार नाही. खोक्यात नवी केबल असते. खोकी टाकलीस का?"

ताईंनी आयुष्यात काहीच टाकलं नव्हतं. माळ्यावर बारा खोकी होती. एक उघडलेलं, आणि अकरांमध्ये प्लॅस्टिकच्या पिशवीत, गाठ न सुटलेली एकेक केबल. तीन वर्षं ती वर धूळ खात होती आणि खाली माणसं अर्ध्या नजरेने खेळत होती.

पुढचे तीन दिवस सकाळी ताई टेबलांखाली बसून केबली बदलत होत्या. मॉनिटरच्या पाठीमागची बटणं बोटांनी चाचपडत त्यांनी एकेक गोष्ट नऊ नंबरशी जुळवली. उजेड किती, अंधाराचा भाग किती उजळ, चित्राची धार किती. ओव्हरड्राइव्ह नावाचं एक सेटिंग पार वर नेलं तर हलत्या वस्तूमागे फिकट भूत धावायचं आणि खाली ठेवलं तर शेपूट उमटायचं. ते मधोमध ठेवलं. वहीत बारा ओळी आखून प्रत्येकाचे आकडे लिहिले. गुरुवारी दुपारपर्यंत बाराही स्क्रीनवर अक्षरं हलताना वाचता येत होती.

काम संपलं तेव्हा त्यांना बरं वाटायला हवं होतं. पण वही मिटताना मास्तर डोळ्यांसमोर आले. कोपऱ्यातला माणूस दिसत नाही असं ते बिचारे सांगत होते आणि ते अक्षरशः खरं होतं. हे आता कुणाला न सांगताही चाललं असतं, कुणाला कळलंही नसतं. चुपचाप झाकून टाकावं असं ताईंना शुक्रवारभर वाटत राहिलं.

शनिवारी दुपारी लिफ्टवाला आला. नऊवर बसला, दहा मिनिटं खेळला. मग उठून चारवर गेला, नुसताच माउस हलवून पाहिला, तिथून सातवर, तिथून ताईंच्या टेबलाशी.

"सगळे केलेत," तो म्हणाला.

"केले. तुम्हाला माहीत होतं."

तो हाताच्या तळव्यांकडे बघत राहिला. त्यांच्या रेषांत ग्रीसचा काळा रंग मुरला होता. "लिफ्टचं दार सरकताना केसभर अडखळलं तरी मला कळतं, ताई. कामच ते आहे. पहिल्या दिवशीच कळलं की ते एक मशीन अडखळत नाही. का, ते माहीत नव्हतं."

"सांगायचं होतं."

"सांगणार होतो. मग दोन रविवार जिंकलो. मग आणखी एक. मग सांगायचं म्हणजे आधीचं सगळं सांगावं लागलं असतं."

ताईंना त्याचा राग यायला हवा होता. पण शुक्रवारचा दिवस त्यांनीही तसाच काढला होता, तेव्हा कुठल्या तोंडाने रागावणार?

"उद्या सगळ्यांना सांगणार?" त्याने विचारलं.

"स्क्रीनचं सांगणार आहे. तुमचं तुम्ही बघा."

रविवारी चौदा जण जमले. चिठ्ठ्या टाकण्याआधी ताईंनी वही समोर धरून, वर्गात हजेरी घ्यावी तशा सुरात सगळं सांगितलं: आकडे, केबली, रंगाऱ्यांनी झालेली अदलाबदल. मग त्या मास्तरांकडे वळल्या. "मास्तर, मी तुम्हाला अंगण वाकडं म्हणून हसत होते. ते खरंच वाकडं होतं. चूक माझी. मी तीन वर्षांत एकदाही तपासलं नाही."

नर्स हसून म्हणाली, "म्हणजे माझं एवढं एक जिंकणं, तेही उसनं." बेकरीवाल्याने कपाळाला हात लावला. "माझ्याकडेसुद्धा तेवढं एकच होतं."

तेवढ्यात लिफ्टवाला मागून म्हणाला, "मला माहीत होतं."

सगळे वळले. त्याने माफी मागितली नाही. नुसता उभा राहिला. कुणीतरी म्हणालं, फळ्यावरची त्याची नावं पुसा. दुसऱ्याने म्हटलं, ह्याला घेऊच नका. ताईंनी मास्तरांकडे पाहिलं. अकरा वेळा हरलेल्याचा शब्द मोठा.

मास्तरांनी घड्याळ पाहिलं. "तीन वाजून गेले," ते म्हणाले. "चिठ्ठ्या टाका."

उपांत्य फेरीत नेमकी दोघांची चिठ्ठी निघाली. मास्तर पाचवर बसले, लिफ्टवाला बारावर. सगळे मागे गोळा झाले. सात-सातपर्यंत बरोबरी राहिली. मग मास्तरांनी ओळीने तीन वेळा त्याला टिपला. शेवटच्या वेळी तर कोपऱ्यातूनच बाहेर येताना टिपला. मास्तरांनी उडी मारली नाही, ते ओरडले नाहीत. हेडफोन काढून नीट टेबलावर ठेवला आणि पाण्याचा घोट घेतला.

अंतिम सामन्यात ते बेकरीवाल्याकडून हरले. दहा-चार, सरळसरळ. "आज काय, मास्तर?" कुणीतरी चेष्टेने विचारलं. "काही नाही," मास्तर म्हणाले. "तो चांगला खेळला." बेकरीवाल्याने ताईंकडून खडू मागून घेतला आणि स्वतःचं नाव स्वतःच, जरा मोठ्या अक्षरात लिहिलं.

फळा कुणी पुसला नाही. ताईंनी मास्तरांना एकदा विचारलं, तेव्हा ते म्हणाले, "राहू द्या. तो जिंकला हे खरंच आहे. कसा जिंकला तेही आता सगळ्यांना माहीत आहे."

लिफ्टवाला त्यानंतर तीन रविवार आला नाही. तो आता येत नाही असंच सगळ्यांनी धरलं. चौथ्या आठवड्यात बुधवारी दुपारी तो दारात दिसला, कामाच्या कपड्यांत, खांद्याला हत्यारांची पिशवी. हॉलमध्ये ताई आणि मास्तर दोघंच होते. शाळेला सुट्टी होती. लिफ्टवाला उंबऱ्यातच घुटमळला.

मास्तरांनी हेडफोन एका कानावरून सरकवला. "त्या दिवशी म्हणे तुम्ही ताईंना काही सांगितलंत. दार अडखळतं ते कळतं म्हणून."

"हो."

"मला नाही कळत. आताही नाही. मला फक्त आकडा वाचून कळतं." मास्तरांनी शेजारची खुर्ची ओढली. "कुठे बघायचं ते दाखवा."

लिफ्टवाल्याने पिशवी खाली ठेवली. ताईंनी कपाटातून वही काढली, एका मशीनचा आकडा साठवर आणून दिला, शेजारच्याचा तसाच ठेवला आणि त्या आपल्या टेबलाशी जाऊन बसल्या. मागे दोघांचं हळू आवाजात चाललं होतं. "इथे नाही, कडेला बघा. भिंत सरकते तिची कड." "हां." "आता या स्क्रीनवर." बराच वेळ नुसता माउस सरकल्याचा आवाज. मग मास्तरांचा आवाज: "परत एकदा."

पाच वाजता दोघं एकत्र जिना उतरले. ताईंनी साठवरचा आकडा पुन्हा एकशे चव्वेचाळीस केला, वहीत तारीख टाकली आणि खुर्च्या मोजल्या.