पुढे चाल

"काका, आधी तोंड उघडा, बाकी मग!" म्हणत दिपेशने पेढा थेट लवूच्या ओठांशी आणला.

लवूने वेल्डिंगची काच कपाळावर सरकवली. सिल्व्हर पार्कमागच्या गल्लीत त्याचं खिडक्यांच्या ग्रिलचं दुकान होतं. दिपेश त्याच्या मुलीचा, संजनाचा, वर्गमित्र. कॉलेजात कित्येक वर्षांनी विद्यार्थी परिषदेची निवडणूक लागली होती, आणि संजना सचिवपदाला उभी राहिल्यापासून दिपेश स्वतःला तिचा प्रचारप्रमुख म्हणवत होता.

"मतदान शुक्रवारी ना रे?"

"होणारच नाही! समोर एकटा अभिनव, त्याचाच अर्ज उडतोय. उमेदवाराची पंचाहत्तर टक्के हजेरी लागते, त्याची कमी भरतेय. मीच आक्षेप घेतलाय. उद्या सुनावणी झाली की आपली संजना बिनविरोध!"

पेढा लवूच्या जिभेवरच राहिला. "म्हणजे पुढे चाल," तो म्हणाला.

"म्हणजे?"

"कबड्डीत म्हणतात. समोरचा संघ बाद झाला, की न खेळताच आपण जिंकलो."

"तेच तर! बेस्ट ना?"

लवूने वरच्या फळीकडे पाहिलं. तिथे पितळी कप होता, आणि कपात रिव्हेट. पेणजवळच्या त्याच्या गावाने तो कप जिंकला, तेव्हा लवू ऐन विशीत होता. अंतिम सामन्यासाठी तो महिनाभर खाडीच्या वाळूत चढाया घोटवत होता. सामन्याच्या दिवशी गावच्या पुढाऱ्यांनी आक्षेप घेतला, की समोरच्या संघातले दोन गडी बाहेरगावचे आहेत. तो संघ बाद झाला. गुडघ्याला माती न लागता कप लवूच्या हातात आला. गाव नाचलं. पण त्या कपाविषयी कोणी विचारलं, तर सांगायला त्याच्याजवळ गोष्टच नव्हती.

संध्याकाळी संजना ताटातल्या भाताचे नुसते ढीग करत बसली होती.

"पप्पा, अभिनव रोज होता. युवक महोत्सवाच्या आमच्या एकांकिकेत तोच ढोलकी वाजवायचा. तालमीचे दिवस हजेरीत धरतात. माझे धरले, त्याचे राहून गेले. एकांकिका बसवणाऱ्या मॅडम कॉलेज सोडून गेल्या. आता सांगणार कोण?"

"तू होतीस की."

"मी सांगू? मग मतदान होईल. आणि मतदानात तो भारी पडेल. पाली-उत्तनची सगळी पोरं त्याच्या मागे आहेत."

"मग गप्प राहा," तिची आई सुगंधा आमटी वाढत म्हणाली. "आयतं ताटात पडलंय, ते कशाला लोटायचं? आणि तुम्ही हो, तिला काही शिकवू नका."

"मी कुठे शिकवतोय?" लवू म्हणाला. थोडं थांबून मात्र त्याच्याने राहवलं नाही. "मला आपला सामना बघायला आवडला असता, एवढंच."

संजनाने मान वर केली नाही. भात मात्र संपवला.

दुसऱ्या दिवशी लवू दुकान बंद करून कॉलेजच्या व्हरांड्यात, सुनावणीच्या खोलीच्या खिडकीशी उभा राहिला. ग्रिलचे वेल्डिंगचे टाके कच्चे आहेत, हे त्याने सवयीने पाहून घेतलं. आत तीन प्राध्यापकांची समिती बसली होती. मधे अध्यक्ष शुभदा मॅडम.

"मॅडम, मी खोटं न्हाय बोलत," पालीचा अभिनव घामाघूम होऊन सांगत होता. "रोज तालमीला येत होतो. या पोरांना विचारा."

"ही सगळी तुझ्या प्रचारातली मुलं. यांच्या शब्दावर निर्णय कसा देऊ? दुसरं कोणी आहे?"

लवूने गज घट्ट धरला.

"मी आहे," संजना उठून म्हणाली.

"अगं ए, आक्षेप आपला आहे! आपला!" दिपेश ओरडला, आणि सगळी खोली हसली.

"तो रोज होता, मॅडम. ढोलकी इतकी बडवायचा की माझी वाक्यं कुणाला ऐकू जायची नाहीत. मी दोनदा भांडलेय त्याच्याशी."

मॅडमनी चष्मा काढला. "याचा अर्ज राहिला तर तुला लढावं लागेल. समजतंय ना?"

"समजतंय, मॅडम. लढू दे की."

त्या क्षणी व्हरांड्यात फाडकन आवाज झाला. लवूने, इतक्या वर्षांनी, स्वतःच्या नकळत मांडीवर थाप मारली होती.

"काका, शांतता राखा," शिपाई म्हणाला. पण तोही हसत होता.

आक्षेप फेटाळला गेला. शुक्रवारी मतदान झालं आणि संजना हरली, अगदी थोडक्यात.

संध्याकाळी दुकानासमोर ढोलकी वाजत आली. पुढे अभिनव, हातात फुलांचा गुच्छ. मागे दोन्हीकडची पोरं, आणि सगळ्यात जोरात नाचणारा दिपेश.

"हिने आमच्याच पायावर धोंडा पाडला, काका," तो धापा टाकत म्हणाला, "पण मजा आली!"

"हे ताईसाठी," अभिनवने गुच्छ पुढे केला. "मतमोजणीच्या शेवटच्या फेरीपर्यंत माझा जीव टांगणीला लावला हिनं."

"आता ढोलकी तरी हळू वाजव," संजना म्हणाली. तिचे डोळे लाल होते, आणि हसू ओठांवर मावत नव्हतं.

"फुलं ठेवायची कशात?" सुगंधाने विचारलं.

लवूने फळीवरचा कप काढला. रिव्हेट डब्यात ओतले, कप पुसला, त्यात पाणी घातलं. पाण्याची बारीक धार त्याच्या पँटवर उतरली. कपाच्या बुडाला भोक होतं. इतक्या वर्षांत त्यात कुणी पाणी ओतलंच नव्हतं.

"थांबा, एमसील शोधते," म्हणत सुगंधा खण उघडू लागली.

लवूने भोकावर अंगठा दाबला आणि तो भरलेला कप छातीशी धरून स्टुलावर बसला.

"हं," तो संजनाला म्हणाला, "पहिल्या फेरीपासून सांग."