आखाड्यातलं फावडं आणि पुंजारामचे बूट

मी एक जुनं फावडं आहे. हसू नका, मित्रांनो! अकोल्याच्या जुन्या शहरात, मोर्णा नदीकाठच्या आखाड्यात कुस्तीची माती उकरायचं काम माझ्याकडे होतं. लोहारानं मला घडवलं, पण जीव लावला तो वस्ताद खुशालरावांनी.

अंजनगावचा पुंजाराम आला तेव्हा अंगानं नुसती काडी होता. वस्तादांनी आधी माझा दांडा त्याच्या हाती दिला. माती खोदून खोदून गड्याचे दंड भरले. पुढे त्यानं वऱ्हाडातले भलेभले पैलवान चीत केले. वस्ताद आपल्या वाट्याचं दूधही त्यालाच पाजत.

मग वस्तादांनीच त्याला अमरावतीला गादीवरची कुस्ती शिकायला धाडलं. तिथे नियम निराळे, डाव निराळे आणि पायात बूट! एकसष्ट साली पुंजाराम भारताकडून इराणला खेळून आला. लोकांनी त्याला वाजतगाजत आखाड्यात आणलं. वस्तादांना पाहताच तो हरखून धावला आणि बुटांसकट मातीत उतरला. अरे देवा! जी माती आधी कपाळाला लावायची, तिच्यात बूट? ताशे थांबले. वस्तादांनी मला उचललं आणि बुटांचे ठसे उकरून बाहेर फेकले. पुंजारामचं तोंड एवढंसं झालं.

त्यानंतर तो कितीदा तरी दारापर्यंत यायचा, घुटमळायचा, डोळे पुसून माघारी फिरायचा. मी कोपऱ्यातून पाहत असे. वर्षं गेली. वस्ताद थकले, आखाडा ओस पडला, मला गंज चढला.

अखेर एके सकाळी तो अनवाणी आत आला. बाजेवर पडलेल्या वस्तादांचे पाय धरून ढसाढसा रडला.

"वस्ताद, बूट घालून मातीत उतरलो मी. मले माफ करा."

"येडा हायेस का बे?" वस्ताद म्हणाले. "बुटाचा राग त्याच दिवशी गेला. दुसऱ्या दिवशी तुह्यासाठी तेल-ताक घालून माती मळून ठेवली होती. तू काहून नाई आला?"

पुंजाराम उठला. त्यानं मला विटकरीनं घासलं, सगळी माती उकरली. पण डाव शिकवायला वस्तादांना आता उठता येत नव्हतं.

मित्रांनो, हातून चूक झाली तर लाजून दूर राहू नका. लगेच जा, शिव्या खा, पाय धरा. माझा गंज घासून निघाला हो. वस्तादांची ती वर्षं काही परत आली नाहीत.