खिडकीत कोंबलेला सैतान

मित्रांनो, मी एक जुनी रशियन कादंबरी आहे आणि मला भयंकर संताप आलेला आहे. माझी गोष्ट सांगतो तो साक्षात सैतान. तो एका गावात भाड्याची खोली घेऊन राहतो आणि काहीच करत नाही. गावकरीच चोऱ्या करतात, एकमेकांवर खोटे आळ घेतात आणि खापर त्याच्या डोक्यावर फोडतात.

एका शिक्षिकेने मला तुमच्या भाषेत आणले. ओल्या शाईचा वास घेऊन मी या वाचनालयात आले, तेव्हा लोक माझ्यासाठी नंबर लावत. मग नवे अध्यक्ष आले. त्यांनी माझे पहिले पान तेवढे वाचले, 'मी सैतान' हे शब्द पाहिले आणि मला कुलपात घातले. पुढे नियम निघाला, ज्या पुस्तकाला वाचक नाही ते रद्दीत. अरे, कुलपातल्या पुस्तकाला वाचक कुठून येणार? एवढे साधे कुणाला सुचू नये!

रद्दीतून ग्रंथपालांनी मला उचलले. वाचायला नव्हे हो! त्यांच्या खिडकीचा आकडा तुटला होता. ती आपटू नये म्हणून मला फटीत कोंबले. ऊन, धूळ, कबुतरे, सगळे मी सोसले.

काल एक बाई आल्या. "ती सैतानाची कादंबरी आहे का हो? माझ्या आईनंच भाषांतर केलंय. घरची प्रत कुणीतरी नेली ती नेलीच. आता तिला दिसत नाही. एकदा वाचून दाखव म्हणते. सगळी दुकानं पालथी घातली मी."

"छे हो, ती आता औषधालासुद्धा मिळायची नाही," ग्रंथपाल म्हणाले. "वाळवीनं खाल्ली असेल."

माझ्याकडे पाठ करून म्हणाले! बिचारी वाळवी. मला माझ्या सैतानाची आठवण झाली.

इतक्यात वाऱ्याने टेबलावरचे कागद उडाले. बाई खिडकी लावायला धावल्या. त्यांनी मला ओढून काढले, सहज पान उलटले आणि आईचे नाव वाचले.

"अहो, हीच की ती!"

"ती होय? ती रद्दीत काढलीये. वाचायला देता येत नाही, नियम आहे."

"मग रद्दी म्हणूनच द्या!" बाई कडाडल्या आणि मला पदराखाली घेऊन निघाल्या.

मागे खिडकी धाडकन आपटली. "आता हिला काय लावू?" म्हणत ग्रंथपाल उठले. मित्रांनो, त्यांना लाकडाचा एक तुकडा तेवढा नेऊन द्या, आणि लवकर द्या. मी दारातून पाहिले, तेव्हा त्यांचा हात कवितांच्या एका जाड पुस्तकावर होता.