कालच्या फुलाचा पराग

मी कालपरवी बोलतेय. नाव ऐकून घाबरू नका, कुणाची थोरली नणंद नव्हे, तिळाएवढा किडा आहे. कान जरा जवळ आणा. आवाजही तेवढाच आहे.

आमचं काम मधमाशीचंच, फक्त वाट वेगळी. ती या फुलावरून त्या फुलावर जाते, आम्ही आजवरून कालवर. फुलाचा जुना वास हवेत रेंगाळतो. त्याला धरून मागं उडायचं, पराग घ्यायचा, परत यायचं. दर खेपेला पंखांची पूड झडते. माझे पंख तर इतके विरले होते की ऊन आरपार जायचं. शहाणीनं घरी बसावं. पण शहाणपण आमच्या घराण्यात कुणालाच नाही.

जन्म गंजाडचा, नवशीच्या घरामागच्या करटोलीवर. नवशीच्या आईनं तलासरीहून दोन कंद दिले होते. आई गेली आणि पुढच्या पावसात कंद फुटले, कुंपणावर दोन वेली चढल्या. एक आधी फुलली. रोज संध्याकाळी पिवळीधमक, पण फळ एक नाही.

नवशीचा नवरा लाहू घोलवडला चिकूच्या वाडीत कामाला. तिथली शिस्त हातात भिनलेली, फळत नाही ते छाटायचं. एका सकाळी त्यानं ती वेल कंदासकट उपटून फेकली.

संध्याकाळी नवशी बाजारातून आली.

"वेल कुठं गेली रे?"

"वांझ होती. काढली."

"कोणाला विचारून? आईनं दोन दिलेले. दोन!"

"एक सडका निघाला. तुझी आई बाजारात पण तसंच करायची, एक चांगला, एक सडका."

"तिच्या नावानं बोलू नको हां."

"बरं, नाय बोलत. पण हिची फुलं गळली ना, तर हिला पण काढतो. मिरचीची रोपं आणून ठेवलीत."

नवशी उरलेल्या वेलीपुढं आडवी उभी राहिली. आईचं घर पडलं, भांडी भावांनी नेली. आईचं म्हणून तिच्याकडं ही वेलच उरलेली.

आणि तेव्हाच त्या वेलीचं पहिलं फूल उमलायला लागलं. फुलामागं इवलीशी काटेरी गाठ. तिचंच फळ होणार होतं, पण उपटलेल्या वेलीचा पराग मिळाला तर. ती नर होती, ही मादी. जवळपास दुसरी नर वेल नव्हती. मी दोघांना ओरडून सांगितलं. नवशीनं डास समजून टाळी वाजवली. थोडक्यात वाचले.

फूल सकाळी मिटणार होतं. मी कालच्या संध्याकाळमध्ये शिरले.

तिथं वेल उभी होती आणि वेलीपाशी लाहूही. फूल तोडायचा, उलटं करून मागं बघायचा, टाकायचा. "ह्याला पण गाठ नाय." मी शेवटच्या फुलात पडले, पराग अंगाला फासला, तोच देठ तुटला. जाडा अंगठा पाकळीवर आला. मी कालच मेले, तर आजची मी कोण? हे कोडं सोडवायला थांबले नाही. एक पाय त्याच्या नखाखाली सोडून निसटले.

परतताना आजच्या फुलाचा वास सापडेना. नवशीनं डासांसाठी कडुलिंबाचा पाला पेटवला होता. सगळीकडं धूर. आज कुठं आहे तेच कळेना. एकदा चुकून परवामध्ये डोकावले. मग धुराला फट पडली, ओळखीचा वास आला आणि मी थेट फुलात आदळले. पराग पोचला. पंख राहिले नाहीत.

दोनेक दिवसांनी लाहू कुदळ घेऊन आला. फूल सुकून लोंबत होतं. नवशी आडवी आली. "आधी बघ. मग खण."

त्यानं फूल चिमटीत धरून हलवलं. गाठ गळाली नाही. फुगली होती, हिरवीगार.

"धरलं की," तो म्हणाला.

"हे पिकू देणार. बी ठेवणार."

"त्यातली एखादी वांझ निघाली तर?"

"तर राहील कुंपणावर. तुला काय खायला मागते?"

लाहूनं कुदळ भिंतीला टेकवली.

मी त्याच फळाजवळ, पानाखाली आहे. चालत फिरते, तेही लंगडत. मुंग्या रोज येऊन माझं माप घेऊन जातात. तुमच्या कुंपणावर नुसती फुलणारी वेल असेल तर तिला राहू द्या. उपटलीत, तर कालमध्ये जाऊन तिचा पराग आणायला आता मी नाही.