पुलाच्या तोंडाशी ढोल

माझी मोठी जाऊ चंद्राबाई आणि मी, आमचं कधी पटलं नाही. तिला वाटायचं मी आळशी, मला वाटायचं ती आगाऊ, आणि दोघींचंही थोडंफार खरं होतं. पण पुलाची गोष्ट सांगायची तर तिचीच सांगावी लागते.

सावित्री नदीच्या पलीकडे पोलादपूरचा बाजार, अलीकडे आमची वाडी. नदी फुगली की सगळा पावसाळा आम्ही अलीकडेच अडकलेले. सन तीसच्या सुमारास तारेच्या दोरांना फळ्या बांधून झुलता पूल झाला. त्याच्या खांबांचे दगड आम्ही बायकांनीच डोक्यावरून वाहिले. कामावरचे ओव्हरसियर जाताना सगळ्यांना बजावून गेले, पुलावर गर्दी करू नका आणि एका ठेक्यात पावलं टाकू नका, पूल एकदा झोके घेऊ लागला की आवरत नाही. शहाण्याला शब्दाचा मार पुरतो म्हणतात, पण वाडीत शहाणं होतं कोण?

पुढच्या शिमग्यात गावकीला हुक्की आली. त्या दिवसांत नदीत घोटाभर पाणी आणि नुसते धोंडे. देवीची पालखी आजवर त्या पाण्यातूनच पलीकडच्या मानकऱ्यांकडे जायची. आता म्हणे पूल असताना देवीने पाय का भिजवावे? देवी कधीपासून पायी जायला लागली, असं चंद्राबाईने तोंडावर विचारलं. बायकांनी यात पडू नये, असं उत्तर मिळालं.

आमच्याकडे पालखी नुसती नेत नाहीत, नाचवत नेतात. ढोल एकदा सुरू झाला की पालखी मानकऱ्यांच्या अंगणात टेकेपर्यंत थांबत नाही. मध्येच थांबला तर देवीचा कोप. हा ढोलाचा मान आमच्या घरचा. वाजवणारा चंद्राबाईचा नवरा मुरारी, आणि पालखीच्या पुढच्या दांडीला माझा नवरा सहदेव.

पूल अरुंद, म्हणून मुरारी अलीकडच्या तोंडाशीच उभा राहून वाजवू लागला. कोयत्याने नारळ फोडले, पालखी पुलावर चढली, मागोमाग निम्मी वाडी चढली. आधी पूल नुसता हलला. गडी हसले. मग ढोलाच्या ठेक्यावर सगळ्यांचे पाय एकदम पडू लागले, आणि पूल सुपासारखा वर-खाली होऊ लागला. मधली एक फळी सुटून खाली धोंड्यांवर आपटली. हसणं थांबलं, पण पाय थांबेनात. ढोल वाजतोय तोवर पालखी नाचायचीच, हे त्या पायांना लहानपणापासून शिकवलेलं. सहदेवने एका हाताने तार धरली होती, दुसऱ्याने दांडी. त्याने मागे वळून पाहिलं तेव्हा त्याचं तोंड मला काठावरून दिसलं.

चंद्राबाई मुरारीसमोर जाऊन उभी राहिली.

"आवो, ढोल थांबवा. माणसं मरतील."

मुरारीला दिसत होतं, तो घामाने भिजला होता. पण हात थांबवायची त्याची छाती होईना. थांबवला तर देवीचा कोप सगळ्या वाडीवर, आणि तो त्याच्या हाताने आलेला. त्याने मान हलवली आणि वाजवत राहिला.

तिने नारळांजवळचा कोयता उचलला आणि ढोलाचं कातडं उभं फाडलं.

आवाज गेला. पुलावरचे पाय अडखळले, कुणाचा पुढे, कुणाचा मागे. झोके हळूहळू बसले. माणसं तारा धरून, काही तर रांगत, माघारी आली. देवी पडली नाही, माणूसही पडला नाही.

संध्याकाळी गावकी बसली. देवीचा ढोल बाईने फाडला, म्हणून ढोलाचा मान आमच्या घरातून काढून हैबतीच्या घरी दिला. मुरारी रडला. आणि जिच्यामुळे जिवंत परत आला तिच्यासाठी माझा नवरा एक शब्द बोलला नाही, खाली मान घालून बसला. मला त्याची लाज वाटली. घरी आल्यावर तसं मी त्याला सांगितलं, आणि वर्षभर दर थोड्या दिवसांनी सांगत राहिले.

पुढच्या शिमग्यात पालखी पुन्हा पुलाशी आली. घोटाभर पाण्यातून न्यायला गावकीचा मोठेपणा आडवा येत होता. हैबतीने काठ्या उचलल्या. सहदेव खांद्यावर दांडी घेऊन पुलाच्या तोंडाशी थांबला, आणि सगळ्यांसमोर वळून म्हणाला,

"हैबती, काठ्या खाली ठेव. वयनी, तुमी सांगा. जाव का आमी?"

हैबतीने काठ्या खाली ठेवल्या. चंद्राबाई पुढे आली.

"जावा. पन पावलाला पाऊल जुळवू नका. थोडी थोडी जावा."

पालखी ढोलाशिवाय पलीकडे गेली. देवीचा कोप काही झाला नाही.

ढोल आमच्या घरी परत आला नाही. पण तेव्हापासून पुलाशी आली की पालखी थांबते, ढोल गप्प होतो आणि आमच्या घरच्या बाईला विचारल्याशिवाय पुढे पाऊल पडत नाही. चंद्राबाई गेली. आता मला विचारतात. मी तिचेच शब्द सांगते, आणि शेवटचा माणूस पलीकडे पोचेपर्यंत नारळांजवळचा कोयता हातात धरून उभी राहते.