काचनगरीवर सुटलेलं वारं

मी एक जुना उफणणीचा पंखा आहे. मित्रांनो, नाव ऐकून छताकडे बघू नका, मी जमिनीवर उभा राहतो. पत्र्याची चार पाती, लोखंडी चौकट, सायकलची साखळी आणि बाजूला एक हँडल, एवढाच माझा संसार. मला वीज लागत नाही. माणूस लागतो.

१९९१ साली नाशिकच्या भद्रकालीत, एका वेल्डिंगच्या दुकानात माझा जन्म झाला. कोंडाजी नावाच्या शेतकऱ्याने मला टेम्पोत घालून गिरणाऱ्याच्या अलीकडच्या आपल्या गावी नेलं. मळणीनंतर धान्यातला भुसा उडवायला वारं लागतं, आणि नेमकं तेव्हाच ते पडतं. कोंडाजीची बायको नवसाबाई म्हणायची, "वारं न् नवरा सारखेच. काम निघालं की दोघंबी गायब." माझ्यामुळे निदान एकाची सोय झाली.

आमच्या कामाची एक रीत होती. नवसाबाई तिवईवर उभी राहून पाटीतलं धान्य माझ्यासमोर हळूहळू खाली सोडायची आणि कोंडाजी हँडल फिरवायचा. थांबायचं कधी, ते मात्र पाटीवाली ठरवायची. पाटी रिकामी झाली की ती म्हणायची, "बास!" त्याआधी हात थांबवायचा नाही, कारण मध्येच वारं थांबलं तर उडता भुसा पुन्हा धान्यात पडतो. एकदा शेजारचा सहादू बांधावरून ओरडला, "कोंडाजी, म्हैस सुटली तुझी!" कोंडाजीने म्हैस जाऊ दिली, हँडल सोडलं नाही.

त्या वर्षांत सगळं गाव मला मागून न्यायचं. न्यायला येणारा माणूस स्वतः येतो, "लय भारी पंखा" म्हणतो, चहाही पितो. परत करताना मात्र मला गुपचूप ओट्यावर टेकवून जातो. साखळीला तेल घालून परत करणारी घरं गावात दोनच. मी नावं सांगत नाही, पण बाकीची मला पाठ आहेत.

मग मळणीयंत्र आलं. एका तोंडाने कणसं खायचं, दुसऱ्या तोंडाने स्वच्छ गहू द्यायचं. मला कांदे साठवायच्या चाळीत ठेवलं. माझ्या चौकटीवर कोंबड्या बसू लागल्या. त्यांचा माझ्याविषयी काही वाईट ग्रह नव्हता, एवढंच त्यातल्या त्यात बरं.

२००६ सालच्या फेब्रुवारीत मला पुन्हा बाहेर काढलं. कोंडाजीची सून सुवर्णा गावच्या शाळेत शिक्षिका होती. तिने संमेलनासाठी स्वतः नाटक लिहिलं होतं. काचनगरीचे लोक वाऱ्याला रांजणात कोंडतात, एक जादूगार रागावून रांजण फोडतो, आणि नगरीवर जादूचं वादळ तुटून पडतं. घरं उडतात, महाल तेवढा उरतो. महालातली राजकन्या वाऱ्याची माफी मागते, तेव्हा वादळ शमतं. नगरी उभी केली होती द्राक्षांच्या रिकाम्या खोक्यांची. ती खोकी सहादूची, कारण राजकन्या त्याची मुलगी वेदिका.

शाळा समितीचे अध्यक्ष रावजी यांना नाटक पसंत नव्हतं. ते म्हणाले, "मॅडम, लोकांना गाण्यावरचे नाच पायजेत. हे पडलं, तर पुढल्या साली नाटकाचं नाव काढायचं नाय." सुवर्णा "बरं" म्हणाली. घरी येऊन मात्र जेवली नाही.

त्यात लोडशेडिंग. भाड्याचा जनरेटर दिवे आणि माइक सांभाळून थकायचा, विजेच्या पंख्याने त्याचा जीवच जायचा. मग वादळ आणायचं कुठून? कोंडाजी म्हणाला, "आपला पंखा हाय की."

"त्यो?" नवसाबाई म्हणाली. "त्याच्यावर कोंबड्या अंडी घालत्यात!"

पण मला धुतलं, तेल दिलं. सुवर्णाने सासऱ्यांना बजावलं, "नाना, पहिल्या घंटेला फिरवायचं, दुसऱ्या घंटेला थांबायचं. महाल पडता कामा नये." नानांनी मान हलवली.

संध्याकाळी नाटक रंगलं. रांजण फुटला, पहिली घंटा झाली. जादू दिसावी म्हणून दोन मुली माझ्यासमोर झेंडूच्या सुक्या पाकळ्या सोडू लागल्या. मित्रांनो, पाकळ्या पाटीतून सोडत होत्या! समोर पाटी बघितली आणि कोंडाजीच्या हातात पंधरा वर्षांपूर्वीचं बळ आलं. एकेक करत पाच घरं प्रेक्षकांत गेली. रावजींची टोपी मागच्या रांगेत पोचली. दुसरी घंटा झाली. कोंडाजी फिरवतच होता. तिसरी झाली, चौथी झाली. विंगेतून सुवर्णा ओरडत होती, "नाना, थांबा!" तेवढ्यात महाल उचलला गेला आणि राजकन्या उघड्यावर उभी राहिली.

बायकांच्या रांगेत नवसाबाई तोंडात पदर धरून नाटक बघत होती. अखेर तिच्या डोक्यात प्रकाश पडला. ती उठून ओरडली, "अवं, बास!"

मी जागच्या जागी थांबलो.

वेदिकाला पुढचं वाक्य होतं, "वाऱ्या, एवढा महाल तरी राहू दे." महालच नव्हता. एवढ्यात सहादू स्टेजवर चढला. "माझी खोकी! उद्या माल भरायचाय, कुनी पाय देऊ नका!" तो खोकी गोळा करायला लागला, तसे खाली बसलेलेही ज्याच्या त्याच्या मांडीवरचं खोकं वर देऊ लागले.

वेदिका कंबरेवर हात ठेवून म्हणाली, "वाऱ्या, आम्ही चुकलो. पण बघ, आमची माणसं धावून आली. बाबा, आता आलाच आहात तर महाल लावा."

सहादूने मुकाट्याने महाल लावला. लोकांना वाटलं, हे नाटकातच आहे. टाळ्या थांबेनात.

रावजी मिशीतल्या पाकळ्या वेचत सुवर्णाकडे आले. "मॅडम, पुढल्या साली बी नाटक बसवा. पन मी मागं बसनार."

रावजी गेल्यावर सुवर्णा सासऱ्यांकडे वळली. "नाना, घंटा ऐकू नाही आली?"

"आली की. पन पाटी चालू व्हती, आन् बास कुनी म्हनलंच नाय."

"अशी रीत आहे, हे आधी सांगायचं ना!"

"तू कुठं इचारलंस, पोरी?"

मित्रांनो, चाळीतली जुनी वस्तू बाहेर काढाल तेव्हा तिला तेल द्या, धूळ झटका, तुमचे उपकार होतील. पण कामाला लावण्याआधी तिच्यासोबत पूर्वी काम कसं करत, हे एखाद्या जुन्या माणसाला विचारा. आम्हाला तोंड नसतं. त्यांना असतं, पण विचारल्याशिवाय ते उघडत नाही.