तिचं तेल

माघातली सकाळ. शेवग्याच्या फुलांचा पांढरा, कोवळा सडा अंगणभर. आणि त्या शुभ्र सड्यात उभी निळी गाडी, ऊन-न्हाली, निवांत.

गाडी कुंदाची, दिगंबरच्या पहिल्या बायकोची. कुंदा जाऊन सहा वर्षं झाली. दिगंबरनं शालिनीशी लग्न केलं त्याला तीन. पण दर सहा महिन्यांनी, गाडी कुठे जावो न जावो, तो स्वतः तिचं तेल बदलायचा. गॅरेजचा परका हात तिला लागू द्यायचा नाही.

शालिनी पायरीवरून पाहत होती. त्यानं इंजिन थोडं तापवलं, बंद केलं. "कोमट झाली की मोकळी होते ती," म्हणाला. किती हळुवार म्हणाला. बॉनेटवरची फुलं त्यानं एकेक करून वेचली. शालिनीच्या खांद्यावरही दोन पडली होती. ती फुलं तिथेच राहिली.

तिच्या आत काहीतरी हललं. काळं, दाट, कोमट.

मागच्या चाकांना दगड लावून त्यानं पुढची बाजू जॅकवर उचलली, आणि पाना घेऊन तो पाठीवर सरकत गाडीखाली गेला. महिन्यापूर्वी शालिनीनं त्याच्यासाठी, उचललेल्या गाडीखाली लावायचे दोन लोखंडी टेकू आणले होते. ते डिकीत, दुकानाच्या कागदात, तसेच.

"अहो, टेकू."

"लागत नाहीत गं. ती नाही पडायची माझ्यावर."

ती. एक अक्षर. त्या अक्षरात अख्खा संसार, आणि शालिनी त्याच्या उंबऱ्याबाहेर. एका श्वासापुरतं तिला वाटलं, जाऊ दे. मग गाडीबाहेर राहिलेले त्याचे पाय दिसले. धूळभरल्या टाचा, कमालीच्या उघड्या.

"ती सांभाळेल हो," शालिनी म्हणाली. "पण जॅक घसरला तर गाडी उचलायला इथे मी एकटी आहे. मला नाही पेलणार."

गाडीखाली पाना जमिनीवर ठेवल्याचा आवाज झाला. मग तो बाहेर सरकला. कोपरांवर टेकून तिच्याकडे पाहत राहिला. उठला, कागद फाडला, टेकू लावले. जॅक सावकाश सैल झाला आणि गाडीनं आपला भार त्यांच्यावर ठेवला. दोघांनी रेटून पाहिली. हलली नाही.

जुनं तेल घमेल्यात उतरलं, अवसेसारखं काळंभोर.

कुंपणापलीकडून शेजारच्या पाटणकरांनी विचारलं, "आज हा नवा थाट कुणाचा, दिगूभाऊ?"

"हिचा," गाडीखालून आवाज आला. "ऐकावं लागतं."

नट आवळला, नवा फिल्टर बसला, गाडी जमिनीवर आली. शालिनीनं नरसाळं धरलं, त्यानं डबा कलता केला. आणि नवं तेल उतरत गेलं, मधाळ, सलग, निःशब्द, दोघांच्या हातांमधून, खाली, खोल.